नातीच्या पहिल्या गोलूसाठी सुंडल

सुंडल बिघडतं ते कुकरमध्ये. फोडणी जळली तर दोन चमचे तेलात दुसरी करता येते, तिखट कमी पडलं तर वरून मिरची घालता येते, पण हरभरा एकदा फुटला आणि त्याचा लगदा झाला की त्याचा परत दाणा होत नाही. सासूबाईंनी यंदाच्या गोलूच्या नऊ संध्याकाळचं सुंडल तुझ्यावर सोपवलंय, तेव्हा मसाल्याचे डबे काढून बसू नकोस. दाणा अख्खा दिसला पाहिजे, बोटांत दाबला की सहज चेपला पाहिजे, आणि द्रोणात घातल्यावर खाली पाणी सुटता कामा नये. एवढं जमलं की सुंडल जमलं.

मी हे शिकले ते पश्चिम मांबलमला आमच्या शेजारच्या मामींकडून. तुझ्या आजोबांची बदली मद्रासला झाली, तेव्हापासून मामींच्या स्वयंपाकघरात माझा मुक्काम असे. मामी मूळच्या पालघाटच्या तमिळ, बोलायला कमी आणि हाताला चोख. प्रमाण विचारलं की स्वतःची मूठ उघडून दाखवायच्या. त्या मुठीतलं जे मला वाटी-चमच्यात बसवून घेता आलं, ते तुला सांगते. मी तुझ्या बारशाच्या घुगऱ्या शिजवल्या आहेत, तेव्हा कडधान्याच्या बाबतीत आजीचं ऐकायला हरकत नसावी.

आधी हात आवरायचे. कडधान्य दिसलं की आपण त्याला मोड आणतो आणि गोडा मसाला शोधतो. सुंडलाला मोड चालत नाहीत. भिजून टपोरं झालेलं कडधान्य मोड फुटायच्या आत आधणात गेलं पाहिजे. मोड आले की दाणा गोडसर होतो आणि परतताना मोड तुटून नुसता पसारा होतो. हळद नको, जिरं नको, गूळ नको, दाण्याचं कूट तर अजिबात नको. कांदा-लसूण नैवेद्यामुळे आपोआपच बाद. हरभऱ्याचं सुंडल हरभऱ्याच्या चवीचं व्हावं, चवळीचं चवळीच्या. नऊ दिवस नऊ कडधान्यं करायची आणि सगळ्यांवर एकच मसाला थापायचा, तर मग नऊ कशाला, एकच पुरे की.

गोलू तुला नवा वाटत असेल, पण त्याचा ढाचा तुझ्या ओळखीचा आहे. तीन, पाच, सात, नऊ अशा विषम पायऱ्या, त्यांवर बाहुल्या, त्यांत मानाची मरप्पाचीची लाकडी जोडी, रोज संध्याकाळी येणाऱ्या बायका, हळदकुंकू, विड्याची पानं-सुपारी आणि हातात प्रसादाचं सुंडल. आपल्या चैत्रगौरीला नाही का, आरास मांडून भिजवलेल्या हरभऱ्यांनी ओट्या भरतात? आपण चैत्रात आंब्याची डाळ आणि पन्हं देतो, ते आश्विनात सुंडल देतात. भोंडलाही त्याच दिवसांतला. मद्रासच्या आमच्या भोंडल्याला कुणी ना कुणी खिरापत म्हणून सुंडल आणायचंच, आणि ते ओळखायला कुणाला वेळ लागत नसे, कारण हिंग आणि खोबरेल यांचा वास डब्याच्या झाकणाला जुमानत नाही.

कोणत्या दिवशी कोणतं कडधान्य, हे मात्र सासूबाईंना विचार. घरोघरी रीत वेगळी. पुष्कळ घरांत नवग्रहांच्या नवधान्यांचा आधार घेतात: बुधवारी मूग, गुरुवारी हरभरे, शुक्रवारी मोच्चै. गुरुवारी तर देवळात दक्षिणामूर्तीला हरभऱ्यांची माळच घालतात. बाकीचे दिवस सोयीने. दुकानात मागायला नावं पाठ करून ठेव: हरभरे म्हणजे कोंडैकडलै, मूग पच्चैपयरु, चवळी कारामणि, वाटाणे पट्टाणि, हरभऱ्याची डाळ कडलैपरुप्पु, शेंगदाणे वेर्कडलै आणि कुळीथ कोळ्ळु. मोच्चै म्हणजे आपल्या पावट्याची जात. ते आपले बारके कडवे वाल नव्हेत, आणि बिरड्यासारखे सोलायचेही नाहीत. सालासकट शिजवायचे, सालासकट खायचे.

कडधान्य जुनं असेल तर पुढची एकही युक्ती चालत नाही. उष्ण आणि दमट हवेत महिनोन्‌महिने पडून राहिलेला हरभरा आतून असा घट्ट होतो की कितीही शिट्ट्या दे, दाताखाली कचकच लागणारच. चेन्नईची हवा नेमकी तशीच, म्हणून फडताळात साठा करू नकोस. खप असलेल्या दुकानातून नवरात्राआधी पंधरा दिवस घे आणि प्रत्येकातलं मूठभर भिजवून शिजवून बघ. दोन दुकानांचे हरभरे एका डब्यात ओतू नकोस. एक जात विरघळेल तरी दुसरी शिजलेली नसेल. भिजल्यावर परातीत पसर आणि गणंग वेच. सगळे दाणे दुप्पट फुगलेले असतात, त्यांत गणंग तेवढा होता तसा बारका आणि टणक राहतो. मुगात आणि कुळथात ते जास्त असतात. भिजल्यावर ते डोळ्यांना दिसतात. शिजल्यावर पाहुणीच्या दाढेलाच सापडतात.

आता भिजवण्याची वेळ. 'रात्री भिजत घाला' असं सगळीकडे छापलेलं असतं, आणि सकाळच्या नैवेद्याला ते ठीक आहे. तुमच्याकडे नैवेद्य संध्याकाळचा. रात्री १० ला भिजवलेले हरभरे दुसऱ्या दिवशी दुपारी ४ ला शिजायला गेले तर १८ तास होतात. त्या उकाड्यात तोवर पाण्यावर फेस येतो आणि आंबूस वास सुटतो. म्हणून काबुली हरभरे सकाळी सहा-सातला, चहाचं आधण ठेवतानाच भिजत घाल. ८-९ तास त्यांना पुरतात. पांढऱ्या वाटाण्यांना ६ ते ८ तास, मुगाला आणि चवळीला ४, शेंगदाण्यांना एक-दोन, हरभऱ्याच्या डाळीला एकच तास. काळे हरभरे, मोच्चै आणि कुळीथ यांना १२ तास लागतात. ती रात्री भिजव, पण सकाळी पाणी बदलून भांडं फ्रीजमध्ये सरकव. पाणी कडधान्याच्या तिप्पट घे आणि पातेलं मोठं घे, नाहीतर वरचे दाणे पाण्याबाहेर डोकं काढून कोरडेच राहतात.

विसरलीस तर? धुतलेल्या हरभऱ्यांवर उकळतं पाणी ओतून घट्ट झाकणाच्या कॅसरोलमध्ये दोन तास ठेव. रात्रभर भिजल्यासारखे होत नाहीत, पण वेळ निभावते. कुकरमध्ये मग थोडी जास्त मिनिटं दे. नाहीतर सरळ बेत बदल आणि डाळीचं सुंडल कर. डाळ तासाभरात भिजते आणि कुकरही लागत नाही. मामींच्या डब्यात हरभऱ्याची डाळ कायम असायची ती याचसाठी.

भिजवलेलं पाणी टाकून द्यायचं. कडधान्यातल्या ज्या साखरा आपल्या आतड्यात पचत नाहीत आणि वायू धरतात, त्यांतल्या काही या पाण्यात उतरतात. पाहुण्या एका संध्याकाळी चार-पाच घरं करतात आणि प्रत्येक घरी सुंडल खातात, तेव्हा तेवढी दया दाखवावी. हिंग आणि आलं पुढे आहेतच.

पाण्याबद्दल सांगते, कारण याकडे कुणी लक्ष देत नाही. तुमच्या इमारतीला बोअरचं जड पाणी येत असेल तर भिजवायला आणि शिजवायला प्यायचं पाणीच घे. जड पाण्यातला चुना दाण्याच्या सालीत जाऊन बसतो आणि साल चिवट करतो; मग आतला गर शिजून बाहेर येतो तरी साल तशीच. यावर लोक सोडा घालतात. सोड्याने दाणा मऊ पडतो हे खरं, पण जरा जास्त झाला की साल सुटून लगदा होतो, साबणासारखी चव येते आणि कडधान्यातलं ब जीवनसत्त्वही कमी होतं. काळ्या हरभऱ्यांचा फारच हट्ट असेल तर भिजवताना नखभर घाल आणि नंतर खळखळून धू. शिजताना मुळीच नको.

मिठाची भीती मात्र फाजील आहे. मिठाने कडधान्य शिजत नाही असं आपल्या आज्या सांगत आल्या, मीही सांगत होते. भिजवतानाच चमचाभर मीठ घातलं तर साली उलट मऊ पडतात. शिजणं अडवतो तो आंबटपणा: चिंच, लिंबू, कैरी, टोमॅटो. दाणा पूर्ण शिजेपर्यंत यांतलं काहीही भांड्याजवळ येऊ द्यायचं नाही. गुळाचंही तसंच, ते शुक्रवारच्या गोड सुंडलाच्या वेळी सांगते.

कुकरच्या शिट्ट्या मोजू नकोस, मिनिटं मोज. तुझ्या कुकरची शिटी आणि माझ्या कुकरची शिटी यांचा काही करार झालेला नाही. भिजलेल्या कडधान्यावर जेमतेम दोन बोटं पाणी ठेवून कुकर लाव, पहिली शिटी झाली की गॅस बारीक कर आणि घड्याळ बघ. काबुली हरभऱ्यांना १० ते १२ मिनिटं, काळ्यांना १५ ते २०, मोच्चैला ८-१०, वाटाण्यांना ५, कुळथाला २०. मग गॅस बंद करायचा आणि वाफ आपोआप जिरू द्यायची. घाईने शिटी उचलून वाफ सोडलीस की आतलं पाणी एकदम उसळतं आणि दाणे फुटतात. आधी जे मूठभर शिजवून बघायला सांगितलं ते याचसाठी: तुझ्या गॅसवर, तुझ्या कुकरमध्ये किती लागतात ते पाहुण्या यायच्या आधी कळलेलं बरं.

मूग, चवळी आणि डाळ यांना कुकर दाखवूच नकोस. उघड्या पातेल्यात, समोर उभं राहून शिजव. मुगाला उकळी आल्यावर १० ते १५ मिनिटं लागतात, आणि शेवटच्या दोन मिनिटांत तो अख्ख्याचा गरगट होतो. भिजवण्याआधी मूग कोरडेच मंद आचेवर वास सुटेपर्यंत भाजून घेतले तर ते पटकन फुटत नाहीत आणि चवही खमंग येते. डाळ आपल्याकडच्यासारखी बोटचेपी व्हायला हवी: दोन बोटांत धरली तर आकार राहतो, दाबली तर पीठ होतं. डाळीला एक क्षण जास्त झाला तर सुंडलाचं पुरण होतं, आणि तमिळ घरात त्याचं काय करायचं हे कुणालाही सुचणार नाही.

बोटानेच बघायचं, जिभेने नाही, हे मुद्दाम सांगते. नैवेद्य दाखवण्याआधी चव घेत नाहीत, तुमच्याकडेही आणि आपल्याकडेही. म्हणजे मीठ अंदाजाने घालून मग चाखून सुधारायची सोय नाही. मीठ मापानेच पडलं पाहिजे. २०० ग्रॅम कोरड्या कडधान्याला सपाट दीड चमचा मीठ, आणि तेही फोडणीत नाही. दाणे शिजले की कुकर उघडून मीठ त्या गरम पाण्यातच घालायचं, अलगद हलवायचं आणि १५ मिनिटं झाकून ठेवायचं. मीठ दाण्याच्या आत जातं, थोडं पाण्याबरोबर जातं, आणि उरतं ते बरोबर असतं. नुसतं फोडणीत मीठ घातलं की ते सालीवर राहतं. जिभेला खारट लागतं आणि चावल्यावर आत अळणी. भिजवताना मीठ घातलं असशील तर इथे अर्धा चमचा कमी कर.

मग चाळणीत ओतून निथळत ठेव. ते पाणी मोरीत जाऊ देऊ नकोस, रसमला वापर. फक्त रसमला मीठ कमी घाल. कुळथाचं पाणी तर सोन्यासारखं जप. कोकणात आपण त्याचं कढण करतो, तिकडे त्याचं रसम करतात. चाळणीत निदान अर्धा तास गेला पाहिजे, आणि संध्याकाळी गर्दी असेल तर दाणे स्वच्छ पंचावर पसरून पंख्याखाली ठेव. ओले दाणे फोडणीत गेले की तेल त्यांना चिकटतच नाही, सगळं द्रोणाच्या तळाशी गोळा होतं. सुंडल कोरडं हवं. पाहुण्या ते पानात नाहीतर पिशवीत घालून घरी नेतात, हे विसरू नकोस.

फोडणीला मी फार वेळ घेणार नाही. २०० ग्रॅम कडधान्याला दोन-तीन चमचे तेल, अर्धा चमचा मोहरी, एक चमचा उडदाची डाळ, दोन सुक्या मिरच्या, एक हिरवी मिरची, बोटाच्या पेराएवढं आलं किसून, कढीपत्त्याची टाळी आणि हिंग. मामी खोबरेल घ्यायच्या, कारण पालघाट. चेन्नईच्या बऱ्याच घरांत तिळाचं तेल चालतं. दोन्ही चांगली. शेंगदाण्याच्या तेलाने चव आपल्या उसळीकडे झुकते, रिफाइंड तेलाने ती कुठेच जात नाही. मोहरी तडतडायला लागली की उडदाची डाळ घालायची आणि ती बदामी होईपर्यंत थांबायचं. इथे घाई करतात आणि मग दाताखाली पांढरी कच्ची डाळ येते. कढीपत्ता पुसून कोरडा करून घाल, नाहीतर तेल अंगावर उडेल. खडा हिंग मिळाला तर तोच घे. वाटाण्याएवढा खडा तासभर पाण्यात विरघळव आणि ते पाणी दाणे घातल्यावर वरून शिंपड. दाणे घातले की दोन-तीन मिनिटं परतायचे, तेही कालथ्याने न ढवळता कढई हलवून.

मुगाला आणि काबुली हरभऱ्याला बदल हवा असेल तर धने, हरभऱ्याची डाळ आणि सुक्या मिरच्या तेलाच्या थेंबावर भाजून भरड पूड कर आणि शेवटी दोन चमचे भुरभुर. नऊतल्या दोन-तीन दिवशीच हे कर. मोच्चैला आणि कुळथाला स्वतःचाच वास पुष्कळ असतो.

नारळ पांढराशुभ्र खवायचा, करवंटीजवळचा तपकिरी भाग येऊ द्यायचा नाही. २०० ग्रॅम कडधान्याला मूठभर. नैवेद्य सहाला आणि शेवटची पाहुणी नऊला, अशा घरात नारळ हीच खरी जोखीम आहे. त्या हवेत ओला नारळ तीन-चार तासांत वास धरतो. यावर दोन उपाय आहेत. नैवेद्यापुरत्या वाटीत नारळ घालून ती देवापुढे ठेवायची आणि बाकीच्यात पाहुण्या येतील तसा घालायचा. किंवा खवलेला नारळ फोडणीच्या शेवटी अर्धा मिनिट परतून त्यातला ओलेपणा काढायचा. पहिला उपाय चवीला सरस, दुसरा गर्दीच्या दिवशी सोयीचा. लिंबू गॅस बंद करून, कढई कोमट झाल्यावर पिळ. तापलेल्या कढईत ते कडवट होतं. आश्विनात कैरी शोधत फिरू नकोस. ती उन्हाळ्यातली चैन आहे.

किती करायचं? अर्धा किलो काबुली हरभरे शिजून किलोच्या थोडे वर भरतात. एकेकीला दोन मोठे चमचे दिले तर वीस-बावीस जणींना पुरतात. प्रसाद मूठभरच द्यायचा असतो. आपल्यासारखा आग्रह करून वाटी भरू नकोस. त्यांना पुढच्या घरी जायचं असतं.

शुक्रवारी गोड हवं असेल तर चवळीचं गुळाचं सुंडल कर. इथे तुझा मराठी हात मोकळा सोड. पण चवळी पूर्ण, अगदी मनासारखी शिजल्याशिवाय गूळ दाखवू नकोस. गूळ पडला की दाणा जिथे असेल तिथेच थांबतो, नंतर तासभर उकळलास तरी मऊ होत नाही. गूळ थोड्या पाण्यात विरघळवून गाळून घे, कारण त्यात खडे निघतात. मग तो चिकट होईपर्यंत आटव, निथळलेली चवळी घाल, वेलची आणि नारळ घाल. पाकाची तार बघत बसायची गरज नाही. सरस्वतीपूजेच्या दिवशी मात्र काळे हरभरे आणि त्यांच्यासोबत चुरमुरे आणि डाळं. त्या दिवशी पुस्तकं पूजेत असतात, वाचायची नसतात, तेव्हा नातजावयालाही गणंग वेचायला बसव.

हल्ली कुणी राजम्याचंही सुंडल करतात. करायला हरकत नाही, फक्त कच्चट राजम्यात पोट बिघडवणारं, उलट्या करवणारं द्रव्य असतं, आणि ते जायला राजमा निदान १० मिनिटं खळखळून उकळावा लागतो. कुकरमध्ये ते होतंच. मंद आचेच्या विजेच्या भांड्यात होत नाही, म्हणून त्यात नुसता राजमा लावून ऑफिसला जाऊ नकोस.

मरीनावरचं सुंडल वेगळं, त्याची आणि गोलूच्या सुंडलाची गल्लत करू नकोस. वाळूत डबा घेऊन फिरणारी पोरं 'तेंगा-मांगा-पट्टाणि सुंडल' म्हणून ओरडतात, म्हणजे नारळ, कैरी आणि वाटाणे. त्यात कांदा असतो, किसलेलं गाजर असतं, आणि वाटाणा मुद्दाम जरा जास्त शिजवून किंचित फुटलेला असतो, म्हणजे कैरीचा आंबटपणा त्याला धरतो. कागदाच्या पुडीत ते फार छान लागतं. घरी करायचं तर उन्हाळ्यात, दारची कैरी उतरल्यावर, आणि नैवेद्याच्या नाही तर चहाच्या वेळी. बिनकांद्याचं मरीनाचं सुंडल करायला जाऊ नये, त्यात काही राहत नाही.

उरलेलं सुंडल नारळ घातलेलं असेल तर त्याच रात्री संपव किंवा खाली वॉचमनदादांना गरम असतानाच दे. दुसऱ्या दिवशी कुणालाही देऊ नकोस. नारळ आणि लिंबू न घातलेले शिजके दाणे फ्रीजमध्ये दोन दिवस राहतात. डाळीचे असतील तर अडैच्या पिठात वाटून घाल, हरभऱ्याचे असतील तर दुसऱ्या दिवशी आपली उसळ कर, आणि तिथे हवा तेवढा गोडा मसाला घाल.

सासूबाईंनी दिवस ठरवून दिले नसतील तर पहिल्या दिवशी काबुली हरभरे ठेव, ते सगळ्यांत क्षमाशील. सुट्टीच्या दिवशी, म्हणजे पाहुण्या जास्त असतील तेव्हा, डाळ किंवा शेंगदाणे. मूग अशा दिवशी ठेव की तुला २० मिनिटं ओट्यापाशी उभं राहता येईल. कुळीथ आणि मोच्चै हात बसल्यावर, सहाव्या-सातव्या दिवशी. आणि प्रत्येकाची भिजवायची वेळ आणि कुकरची मिनिटं एका कागदावर लिहून आजच फ्रीजवर चिकटव. हळदकुंकवाच्या गडबडीत ती कुणालाच आठवत नाहीत.